विचारणारे तुम्ही कोण?

२०२५ च्या फेब्रुवारीतली गोष्ट. आमच्या अवसरी बुद्रुकला सकाळी देवळासमोरच्या पारावर आम्हा चार-पाच निवृत्त मंडळींची बैठक असते. पेपर एकच असतो, पण पाने वाटून घेतली की सर्वांना पुरतो. त्या दिवशी पहिले पान माझ्या वाट्याला आले. बातमी अशी होती की, देशाच्या लोकपालांनी २७ जानेवारीला एक आदेश काढून म्हटले होते की उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांविरुद्धच्या तक्रारी आपल्या कक्षेत येतात. सर्वोच्च न्यायालयाने आपण होऊन त्याची दखल घेतली आणि २० फेब्रुवारीला त्या आदेशाला स्थगिती दिली. लोकपाल म्हणजे न्यायमूर्ती अजय खानविलकर, मूळचे पुण्याचे. स्थगिती देणाऱ्या तिघांपैकी न्यायमूर्ती भूषण गवई अमरावतीचे आणि न्यायमूर्ती अभय ओक ठाण्याचे. म्हणजे भांडण दिल्लीतले, पण माणसे बरीचशी आपलीच!

पारावर लगेच दोन तट पडले. एक जण म्हणाले, "तपासणाऱ्यालाच जर विचारलं की तू मला तपासणारा कोण, तर मग तपासायचं कुणी?" दुसरे म्हणाले, "अहो, उद्या कुणीही उठून न्यायाधीशाला धाक दाखवील, मग न्याय कसा व्हायचा?" तिसरे आमचे जुने सोसायटीवाले. ते हसत म्हणाले, "इतक्या लांब कशाला जाता? आपल्या गावातल्या पतसंस्थेला तरी माहितीचा कायदा लागतो का? नाही लागत. कोर्टानंच सांगितलंय."

मी गप्प बसलो. एरवी अशा वादात माझा आवाज सर्वांत मोठा असतो, हे नातेवाईक मंडळी जाणतातच. पण ते शेवटचे वाक्य मला लागले. कारण हेच वाक्य अकरा वर्षांपूर्वी मी स्वतः एका बाईंना ऐकवले होते. त्याबद्दल शेवटी लिहितो. आधी थोडा इतिहास, कारण तो मी तीस वर्षे नागरिकशास्त्राच्या तासाला शिकवला आणि आता वाटते की अर्धाच शिकवला.

'लोकपाल म्हणजे काय?' हा प्रश्न चार-पाच गुणांना हमखास यायचा. उत्तर ठरलेले. स्वीडनमध्ये १८०९ साली ओम्बुड्समन नावाचे पद निर्माण झाले. सरकारी कारभाराबद्दल सामान्य माणसाची तक्रार ऐकायची आणि चौकशी करायची, हे त्याचे काम. डेन्मार्कने १९५५ मध्ये आणि न्यूझीलंडने १९६२ मध्ये ते उचलले. आपल्याकडे लक्ष्मीमल्ल सिंघवी यांनी १९६३ मध्ये त्याला 'लोकपाल' हा सुंदर शब्द दिला. मोरारजी देसाईंच्या अध्यक्षतेखालच्या प्रशासकीय सुधारणा आयोगाने १९६६ मध्ये शिफारस केली की केंद्रात लोकपाल आणि राज्यात लोकायुक्त असावेत. केंद्राचे पहिले विधेयक १९६८ चे. कायदा व्हायला २०१३ साल उजाडले आणि पहिले लोकपाल नेमायला २०१९!

महाराष्ट्राने मात्र वाट पाहिली नाही. ओडिशाने १९७० मध्ये कायदा केला खरा, पण लोकायुक्त प्रत्यक्ष नेमला तो आधी महाराष्ट्राने. आपला कायदा १९७१ चा आणि तो लागू झाला २५ ऑक्टोबर १९७२ रोजी. तारखेकडे जरा लक्ष द्या. ते दुष्काळाचे साल. मी तेव्हा बी.ए.च्या वर्गात होतो. सुट्टीत गावी आलो की दुष्काळी कामावर खडी फोडायला गेलेली आपलीच माणसे दिसायची. हजेरीपटावर नाव एकाचे आणि पगार दुसऱ्याला, अशा कुजबुजी रोज कानावर यायच्या. पण मुंबईत याच महिन्यात तक्रार ऐकणारा एक माणूस बसला आहे, हे त्या खडी फोडणाऱ्यांपैकी एकालाही माहीत नव्हते. मलाही नव्हते. आणि मी राज्यशास्त्र शिकत होतो!

आता पुस्तकात नसलेला अर्धा भाग. लोकायुक्त नेमला म्हणजे तो कुणालाही विचारू शकतो, असे मुलांना वाटे. मीही तसेच वाटू दिले. प्रत्यक्षात कायद्याच्या सुरुवातीलाच व्याख्यांचे कलम असते आणि खरा दरवाजा तिथे असतो. 'लोकसेवक' म्हणजे कोण? मंत्री आले, सरकारी अधिकारी आले, जिल्हा परिषदेचे पदाधिकारी आले. महामंडळे आणि सरकारी कंपन्यांचे नोकर आले. काही संस्थांच्या बाबतीत मात्र सरकारने तशी अधिसूचना काढली तरच. १९७१ च्या कायद्यात मुख्यमंत्री आले नाहीत. आणि चौकशी करून लोकायुक्तांनी करायचे काय, तर शिफारस. ती सरकारने मानली नाही तर राज्यपालांकडे विशेष अहवाल, तो विधिमंडळापुढे, आणि मग पुन्हा सरकारच. पुढे डिसेंबर २०२२ मध्ये विधानसभेने आणि डिसेंबर २०२३ मध्ये विधान परिषदेने नव्या कायद्याचे विधेयक मंजूर केले. त्यात मुख्यमंत्र्यांना कक्षेत आणले, पण त्यांच्या चौकशीसाठी विधानसभेच्या दोन-तृतीयांश सदस्यांच्या पूर्वमान्यतेची अट घातली. दरवाजा केला, पण त्याची किल्ली आतल्यांच्याच हाती ठेवली म्हणायची.

असा दरवाजा असला की भांडण आधी दरवाज्यावरच होणार. तक्रार खरी की खोटी हा प्रश्न मागे राहतो. पुढे येतो तो 'विचारणारे तुम्ही कोण?' हा प्रश्न, आणि तो घेऊन मंडळी कोर्टात जातात. आंध्र प्रदेशातल्या लोकायुक्तांच्या अधिकारकक्षेचा असाच एक वाद १९९० च्या दशकात सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. त्या निकालात न्यायालयाने असेही बोलून दाखवले की या संस्थेला नीट दात आणि नखे हवीत, नाहीतर तिने केलेले काम वाया जाते आणि अहवाल फडताळात पडून राहतात.

कधी कधी कोर्ट अशा संस्थेच्या पाठीशीही उभे राहते. आमची भाची बेळगावला दिली आहे, तिला ही कथा चांगली ठाऊक असेल. कर्नाटकात लोकायुक्तांच्या हाताखाली स्वतःचे पोलीस होते, त्यामुळे तिथे त्यांचा दरारा होता. मार्च २०१६ मध्ये तिथल्या सरकारने वेगळे लाचलुचपत प्रतिबंधक पथक काढले, ते आपल्या अखत्यारीत ठेवले आणि लोकायुक्त पोलिसांचे अधिकार काढून घेतले. पाटी तशीच ठेवली, हात बांधले. प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि ११ ऑगस्ट २०२२ रोजी न्यायालयाने ते पथकच रद्द करून अधिकार लोकायुक्त पोलिसांना परत दिले. निकाल चांगला, पण मधली सहा वर्षे गेली. त्या सहा वर्षांत ज्यांची तक्रार होती त्यांचे काय झाले, हे निकालपत्रात कुठे लिहिलेले नसते.

गोव्याची गोष्ट याहून गमतीची. २००५ मध्ये माहितीचा अधिकार आला तेव्हा प्रत्येक राज्यात माहिती आयोग आले. माहिती आयुक्त हा एका अर्थी लोकायुक्ताचाच धाकटा भाऊ. फरक इतकाच की तो चौकशी करीत नाही, 'कागद दाखवा' एवढेच सांगतो. पण तेवढ्यानेही पुष्कळांना घाम फुटतो. गोव्यात ॲडव्होकेट आयरिश रॉड्रिग्ज यांनी राजभवनाकडे माहिती मागितली. वेगळ्या प्रकरणात, २००७ च्या राजकीय गोंधळात राज्यपालांनी राष्ट्रपतींना काय कळवले, ही माहिती मनोहर पर्रीकर यांनी मागितली. ते तेव्हा विरोधी पक्षनेते होते. राजभवनाचे म्हणणे असे की, राज्यपाल हे या कायद्याच्या अर्थाने 'सार्वजनिक प्राधिकरण'च नव्हेत. राज्य माहिती आयोगाला ते पटले नाही, म्हणून राजभवन मुंबई उच्च न्यायालयाच्या पणजी खंडपीठात गेले. १४ नोव्हेंबर २०११ रोजी न्यायालयाने सांगितले की राज्यपाल हे सार्वजनिक प्राधिकरण आहेत. पुढे ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयातही नेण्यात आले.

पारावर आम्ही म्हटले असते, "राज्यपाल सार्वजनिक नाहीत तर मग कोण सार्वजनिक?" पण कायद्यात 'सार्वजनिक' या शब्दाचा अर्थ आपल्या बोलण्यातल्यासारखा नसतो, हे मला पुढच्या प्रकरणाने शिकवले. ते प्रकरण केरळातल्या थलप्पलम नावाच्या गावच्या सेवा सहकारी बँकेचे. गाव आपल्यापासून शेकडो कोस लांब, पण त्याचा निकाल अवसरीच्या पारावर रोज बोलला जातो.

झाले असे. केरळच्या सहकार निबंधकांनी जून २००६ मध्ये परिपत्रक काढून सांगितले की, सर्व सहकारी संस्थांना माहितीचा अधिकार लागू आहे. संस्था भांडत सर्वोच्च न्यायालयात गेल्या. ७ ऑक्टोबर २०१३ रोजी न्यायमूर्ती राधाकृष्णन आणि न्यायमूर्ती सिक्री यांनी निकाल दिला. त्याचे सार मी शिकवण्याच्या सवयीने असे मांडीन. संस्थेचा जन्म कसा झाला ते पाहा. एखादी संस्था कायद्यानेच जन्माला घातली, ते एक. आणि दहा माणसांनी एकत्र येऊन काढली, नुसती कायद्याखाली नोंदवली, ते दुसरे. सहकारी संस्था या दुसऱ्या प्रकारातल्या. निबंधक त्यांची तपासणी करतो, लेखापरीक्षण होते, म्हणून त्या सरकारच्या ताब्यात आहेत असे होत नाही. सरकारचा खरोखर भक्कम ताबा असेल किंवा मोठा अर्थपुरवठा असेल तरच त्या सार्वजनिक. आणि तसे आहे हे माहिती मागणाऱ्याने किंवा सरकारने दाखवून द्यायचे.

गंमत बघा, लोकपालांचा २०२५ चा आदेशही याच धाग्यावर उभा होता. ते उच्च न्यायालय संसदेच्या कायद्याने स्थापन झालेले आहे, म्हणून तिथले न्यायाधीश आपल्या कक्षेत येतात, असा त्यांचा युक्तिवाद. म्हणजे प्रत्येक वेळी आधी जन्मदाखला मागितला जातो. कुणाचा पैसा, कुणाचे नुकसान, हे नंतर.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर मी मास्तर कसला! न्यायाधीश निर्भय राहिले पाहिजेत यात शंका नाही. सहकाराचेही तसेच. प्रवरेला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी १९५० मध्ये कारखाना उभा केला तो शेतकऱ्यांच्या भागभांडवलावर. सरकारने प्रत्येक गोष्टीत नाक खुपसले तर सहकाराचे सरकारी खाते व्हायला वेळ लागणार नाही. संस्था काढणे हा आता घटनेने मान्य केलेला हक्क आहे. तेव्हा 'आमच्यात बाहेरच्याने का पडावे?' या प्रश्नाला अर्थ आहे. पण हा प्रश्न विचारणारा सभासद असला तर शोभतो. सभासदालाच दाराबाहेर उभे करून जेव्हा संस्था तो विचारते, तेव्हा तो शोभत नाही.

आता त्या बाईंची गोष्ट.

२०१४ चा उन्हाळा होता. त्यांचे यजमान माझ्या बरोबरीचे, म्हणून मी त्यांना वहिनी म्हणतो. ते जाऊन वर्ष झाले होते. बटाट्याच्या पैशातून दोघांच्या नावाने एका पतसंस्थेत ठेव ठेवली होती. मुदत भरल्यावर वहिनी गेल्या तर हातात आली निम्मीच रक्कम. तुमचे यजमान एका कर्जदाराला जामीन होते, ते पैसे वळते करून घेतले, असे उत्तर मिळाले. जामिनाचा कागद दाखवा म्हटले तर दाखवीनात. वहिनी माझ्याकडे आल्या. म्हणाल्या, "गुरुजी, मला पैशाचं एवढं नाही. पर यांनी सही केली व्हती का नव्हती, तेवढं दाखवा म्हणावं. केली असंल तर मला सांगितलं का नाही, ह्येच डोक्यात फिरतंय. तुम्ही त्यो माहितीचा अर्ज लिहून द्या."

मी काही महिन्यांपूर्वी पेपरात थलप्पलमचा मथळा वाचला होता. मोठ्या ऐटीत सांगितले, "वहिनी, सहकारी संस्थांना आता तो कायदा लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आहे." त्या बाई चहाही न घेता उठल्या. "बरं," एवढेच म्हणाल्या. त्यांना कक्षा, प्राधिकरण यातले काही कळत नव्हते. गुरुजींनी नाही म्हटले, एवढे कळले.

खरे सांगायचे तर मनात थोडी भीतीही होती. पतसंस्थेतली माणसे ओळखीची, काही माझेच विद्यार्थी. मथळ्याने मला एक छान आडोसा दिला. 'विचारणारे तुम्ही कोण?' असे पतसंस्थेने त्यांना म्हणायच्या आधी मीच म्हणून टाकले.

पारावरच्या त्या सकाळनंतर नातू सुट्टीला आला तेव्हा त्याच्याकडून मी तो निकाल संगणकावर शोधवून घेतला. इंग्रजी, त्यात कायद्याचे. शब्दकोश जवळ ठेवून, पेन्सिलीने खुणा करत आठवडाभर वाचत होतो. बी.ए.ला सुद्धा इतका अभ्यास केला नव्हता! आणि शेवटाकडे जे सापडले त्याने मान खाली गेली. निकालात स्पष्ट लिहिले आहे की, सहकार निबंधक हे स्वतः सार्वजनिक प्राधिकरण आहेत. कायद्याने संस्थेकडून जी माहिती ते मागवू शकतात, ती नागरिकाने मागितल्यास त्यांना द्यावी लागेल. अर्थात खाजगी आणि गोपनीय माहितीचे अपवाद सोडून. म्हणजे पुढचा दरवाजा बंद करताना न्यायालयाने शेजारचा दरवाजा दाखवून ठेवला होता. मी मथळ्यावरच थांबलो होतो.

आणि त्याहून जवळची वाट तर कितीतरी दशकांपासून उघडी होती. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाचे कलम ३२. प्रत्येक सभासदाला संस्थेच्या कचेरीत जाऊन, पैसे न भरता, उपविधी, शेवटचा लेखापरीक्षित ताळेबंद, सभासदांची नोंदवही, सर्वसाधारण सभेची आणि समितीच्या बैठकीची इतिवृत्ते पाहता येतात. आणि स्वतःच्या व्यवहाराच्या नोंदी ज्या वह्यांत आहेत तो भागही. नक्कल हवी असेल तर शुल्क भरून लेखी मागायची, संस्थेने ती महिन्याच्या आत द्यायची. माहिती आयोग नको, लोकायुक्त नको, जन्मदाखला नको. वहिनी स्वतः शंभर रुपयांच्या शेअरच्या सभासद होत्या. ठेवीतून रक्कम वळती केल्याची नोंद बघण्याचा त्यांना पूर्ण हक्क होता आणि जामिनाच्या कागदासाठी निबंधकांचा रस्ता होता. मी दोन्ही सांगितले नाहीत, कारण मला दोन्ही माहीत नव्हते. आणि माहीत नाही हे कबूल करण्याऐवजी मी सर्वोच्च न्यायालयाचे नाव घेतले.

याच काळात शाळांबद्दलही एक निकाल आला आहे, तो आम्हा शिक्षकांच्या कामाचा म्हणून नोंदवतो. १७ सप्टेंबर २०१९ रोजी डी.ए.व्ही. कॉलेज ट्रस्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, सरकारचा भरीव अर्थपुरवठा असलेल्या खाजगी संस्थाही माहिती अधिकाराखाली येतात. भरीव म्हणजे निम्म्याहून जास्तच असला पाहिजे असे नाही. सवलतीत मिळालेली जमीनसुद्धा त्यात धरता येते. तेव्हा 'आमची संस्था खाजगी आहे' असे उत्तर कुणाला मिळाले तर लगेच परत फिरू नका.

हे सगळे वाचून मला एक गोष्ट पटली. कक्षेचे भांडण मोठ्यांचे असते. ते वर्षानुवर्षे चालते आणि चालायलाही हवे, कारण सीमा ठरल्याशिवाय कुणाचेच अधिकार सुरक्षित नाहीत. पण खाली उतरता उतरता त्या निकालाचा एकच शब्द उरतो, 'नाही'. 'या बाबतीत नाही, इतक्या मर्यादेपर्यंत नाही, पण त्या वाटेने होय', हे बाकीचे सगळे वाटेत गळून पडते. ते गळू न देणे हे आम्हा चार बुके शिकलेल्यांचे काम होते. दिल्लीतल्या न्यायाधीशांना अवसरीला येऊन सांगता येत नाही.

वहिनी आता मुलाकडे चाकणला असतात. मागच्या महिन्यात फोन केला. सगळे सांगितले, चूक माझी होती हेही सांगितले. थोडा वेळ त्या काही बोलल्याच नाहीत. मग म्हणाल्या, "गुरुजी, तवाच का नाही सांगितलं?" माझ्याकडे उत्तर नव्हते. मी विचारले, आता अर्ज करू या का? इतक्या वर्षांचे कागद राहिले असतील की नाही, सांगता येत नाही. त्या म्हणाल्या, "करा. सही दिसली तरी चालंल, नाही दिसली तरी चालंल. पर बघू द्या."

रविवारी चाकणला जाऊन त्यांची सही घेऊन आलो. एक अर्ज पतसंस्थेला, कलम ३२ खाली. दुसरा तालुक्याच्या सहायक निबंधकांना, माहितीच्या अधिकाराखाली, दहा रुपयांचे कोर्ट फी तिकीट लावून. पतसंस्थेच्या खिडकीवर माझाच एक जुना विद्यार्थी होता. अर्ज वाचून म्हणाला, "सर, तुम्ही कशाला यात?" मी म्हटले, "बाळा, पोच दे." त्याने शिक्का मारून पोच दिली.

उत्तर आले की इथे लिहीनच. नाही आले तरी लिहीन.